सतरा फूट गायरान

बांधावर नुसतं उभं राहून डोळ्यांनी जमीन मोजणारा माणूस सोलापूर जिल्ह्यात एकच, आणि तो म्हणजे आपण, असं चन्नवीर हविनाळे साहेबांचं ठाम मत होतं. हे मत ते स्वतःपाशी ठेवत नसत. जमीन मोजणी खात्यात साधे सर्व्हेअर म्हणून लागले आणि चौतीस वर्षांनी उपसंचालक म्हणून निवृत्त झाले. किती भावाभावांची भांडणं एका रेघेनं मिटवली आणि किती गावांची गायरानं मोकळी केली, हे ते शेअर रिक्षात शेजारी बसलेल्यालाही ऐकवत. गायरान म्हणजे गुरं चरायला राखलेली सरकारी जमीन. पण साहेब तिच्याविषयी बोलू लागले की वाटावं, ही यांच्या वडिलांनीच सरकारकडं ठेवायला दिली होती!

त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं. माणूस खोटं बोलेल, कागद खोटा बोलेल, पण हद्दीचा दगड खोटं बोलणार नाही. हे वाक्य त्यांनी शिकाऊ सर्व्हेअरांच्या दहा तुकड्यांना ऐकवलं होतं, आणि घरी सिद्धेश्वरीबाईंना त्याहून जास्त वेळा.

सिद्धेश्वरीबाई म्हणजे साहेबांच्या पत्नी. माहेर सीमेपलीकडचं, शाळा कानडी, सातवीपर्यंत. लग्न होऊन आल्या त्या थेट जेऊरच्या भाड्याच्या खोलीत, तिथून बार्शी, आणि मग महाराष्ट्राच्या नकाशावर साहेब जिथं बोट ठेवतील तिथं. चौतीस वर्षांत चौदा बदल्या झाल्या. पोरबाळ झालं नाही. पोत्यात भांडी, ट्रंकेत कपडे आणि डब्यात शेंगाचटणी एवढा संसार त्या तीन तासांत बांधत. तक्रार करायचा त्यांचा स्वभाव नव्हता. फक्त दर बदलीला एकदा म्हणत, "आपली म्हणून एक जागा करा की कुटंतरी." साहेब म्हणत, "रिटायर झालो की बघू."

बाईंना साहेबांबरोबर बाजारात जायची मात्र धास्ती असे. एकदा नवी पेठेत त्या साडी घ्यायला गेल्या. दुकानदारानं बारा साड्या उलगडल्या, तेरावी बाईंच्या मनात भरली, तेवढ्यात साहेब पायरीवरून म्हणाले, "तुमचा ओटा रस्त्यावर तीन फूट पुढं आलाय." दुकानदारानं तेरावी साडी हळूच घडी करून कपाटात ठेवली. बाई रिकाम्या हातानं घरी आल्या आणि रस्ताभर हसत होत्या. नवऱ्यावर अशी हसू शकणारी बाई मिळणं हे साहेबांचं नशीब होतं, पण नशीब मोजायचं यंत्र खात्यात नव्हतं.

निवृत्तीनंतर साहेबांनी जुळे सोलापुरात तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेतला. बाईंनी गॅलरीतून खाली बघून विचारलं, यातली जमीन आपली कुठली? साहेबांनी त्यांना अविभाज्य हिश्श्याची कल्पना समजावून सांगितली, चांगली पाऊण तास. बाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि कुंडीत मेथी पेरली. दुसऱ्याच वर्षी, फेब्रुवारीतल्या एका सकाळी, चहा ठेवता ठेवता त्या ओट्याला धरून खाली बसल्या आणि पुन्हा उठल्या नाहीत. डॉक्टर येईपर्यंत चहा उतू जाऊन गॅस विझला होता.

साहेब रडले नाहीत. रडण्यापेक्षा त्यांना काम करता येत होतं, म्हणून त्यांनी कामाला हात घातला.

हविनाळ्यांच्यात माणसाला जाळत नाहीत. अंगाला विभूती लावून, बसवून, आपल्या शेतात मातीच्या हवाली करतात. एकदा माती दिली की ती जागा पुन्हा उकरायची नाही. साहेबांचं गाव करजोळ, सोलापूरपासून तासाभरावर, निम्मं मराठी निम्मं कानडी बोलणारं. दोन भावांची मिळून नऊ एकर. पण साहेबांनी जन्मात तिथं नांगर धरला नव्हता. धाकटा भाऊ शिवकुमार सगळं कसत होता आणि वर्षाला दोन पोती ज्वारी पोचवत होता. बायकोला आपली जागा जिवंतपणी दिली नाही, निदान आता तरी स्वतःच्या मातीत बसवायचं, एवढंच साहेबांच्या डोक्यात होतं. त्यापलीकडं त्यांना काहीच दिसत नव्हतं.

शिवकुमार म्हणाला, विहिरीजवळ घेऊ. साहेब म्हणाले, नाही. पश्चिमेच्या कडेला कडुलिंब होता. दर वर्षी वेळ अमावस्येला, म्हणजे शेतपूजेच्या सणाला, सगळं घर शेतात जेवायला जाई, तेव्हा बाई त्याच लिंबाखाली बसून पालेभाज्यांची भज्जी वाढत. तिथंच. साहेब बांधावर गेले, गवतातला हद्दीचा दगड बुटानं उघडा केला, त्याच्यापासून आत सहा पावलं मोजली आणि टाच रोवली.

"हितं खणा," ते म्हणाले.

कुणी कुदळ उचलेना. शेजारचे शेतकरी हिंदुराव घसा खाकरून पुढं आले आणि म्हणाले, साहेब, त्या दगडाचं जरा... साहेबांनी त्यांना हातानं थांबवलं. "हिंदुराव, मला दगड शिकवू नका." हिंदुराव मागं सरले. नव्वदीची चुलती निंगव्वा काठी टेकत आली, साहेबांचा हात धरून म्हणाली, "इल्लि ब्याड, चन्नू. हितं नको बाबा." साहेबांना वाटलं, म्हातारीला दुःखानं सुचत नाहीये. शिवकुमारचा चेहरा तर पार उतरला होता. भावजयीवर याचा एवढा जीव होता हे आपल्याला माहीतच नव्हतं, असं साहेबांना वाटलं आणि त्यांनी त्याच्या पाठीवरून हात फिरवला. त्यावर शिवकुमार जो हुंदके देऊन रडायला लागला, तो आवरेचना!

मग खड्डा झाला. बाईंना बसवलं, बेलपत्र, विभूती, मीठ, माती. मठातल्या स्वामींनी मंत्र म्हटले. सगळं नीट पार पडलं.

आता इथं थांबले असते तर ते हविनाळे साहेब कसले! महिन्याभरात त्यांच्या मनानं घेतलं की नुसती समाधी पुरेशी नाही. त्यावर दगडी कट्टा हवा, आणि ती जागा सरकारी मोजणीच्या नकाशात खुणेनं दाखवलेली हवी. उद्या आपण गेलो, शिवकुमार गेला, जमीन कुणाच्या हातात गेली, तरी नकाशा बघून माणूस म्हणेल की इथं एक बाई बसल्या आहेत. साहेबांना प्रेम व्यक्त करायची हीच एक रीत येत होती. त्यांनी रीतसर मोजणीचा अर्ज केला.

शिवकुमारचा फोन आला. अण्णा, मोजणी कशाला, शाळवाची ज्वारी उभी हाय. साहेब म्हणाले, कापणीनंतर. कापणी झाली. शिवकुमार म्हणाला, बांधावर नाग निघालाय. साहेब म्हणाले, सर्व्हेअर बूट घालून येतात. मग शिवकुमार म्हणाला, घरात पाहुणे, मग म्हणाला, माझं गुडघं दुखतंय. जमीन मोजायला याचे गुडघे कशाला लागतात, हे साहेबांना कळेना. आणि मग एका दुपारी कळलं! म्हणजे त्यांना वाटलं की कळलं. चौतीस वर्षांत त्यांनी हजार भाऊ पाहिले होते. मोजणी टाळणाऱ्या भावाच्या मनात काय असतं हे त्यांना पाठ होतं. याला आपला हिस्सा खायचाय!

त्यांनी फोनवर शिवकुमारला नको ते बोलून घेतलं. वहिनीच्या मातीवर रडायचं सोंग केलंस, असंही बोलले. साहेबांनी दुसऱ्याच दिवशी तालुक्याला जाऊन जादा पैसे भरले आणि साधी मोजणी रद्द करून अतितातडीची लावून घेतली.

मोजणीला आला बसवेश. साहेबांच्याच हाताखाली शिकलेला, आता तालुक्याचा सर्व्हेअर. पूर्वी साखळी ओढायला चार माणसं लागत. आता एक काठी, तिच्या टोकाला डबी आणि हातात मोबाइलसारखी पाटी, की आकाशातले उपग्रह सांगतात तुमची हद्द कुठं. बसवेश वाकून नमस्कार करून म्हणाला, सर, तुमची जमीन मोजायची म्हणजे देवळात दिवा लावायला आल्यासारखं वाटतंय. साहेब प्रसन्न झाले. बांधावर हिंदुराव, शिवकुमार, आणि काठीवर हनुवटी टेकून निंगव्वा. बाकी गावाला त्या दिवशी एकाएकी कामं निघाली होती.

साहेबांनी दगड दाखवला. बसवेशनं दगडावर काठी धरली, पाटीकडं बघितलं, काठी झटकली, पुन्हा धरली. मग तो दगड सोडून आत चालायला लागला. दहा फूट, पंधरा फूट. समाधीपाशी आला. साहेबांना वाटलं, इथं थांबेल. बसवेश समाधीला वळसा घालून आणखी आत गेला, बराच आत, काढलेल्या शाळवाच्या धसकटात, आणि तिथं खाली बघत उभा राहिला.

"सर," तो म्हणाला, "मशीनला आज सिग्नल नीट मिळंना. दुपारी लावू का?"

साहेबांनी हे वाक्य आयुष्यात अनेकदा ऐकलं होतं. यंत्र बिघडलं की सर्व्हेअर यंत्राकडं बघतो. माणसाकडं बघायचं टाळतो तेव्हा यंत्र ठीक असतं. ते त्याच्यापाशी गेले आणि पाटी हातात घेतली. दगड खऱ्या हद्दीपासून बत्तीस फूट बाहेर होता. पलीकडं सगळं गायरान. आणि समाधी हद्दीच्या सतरा फूट बाहेर. सिद्धेश्वरीबाई सरकारी जमिनीत बसल्या होत्या.

"दगड कुणी हलवला?" साहेबांनी विचारलं.

शिवकुमार पुढं आला. "पयल्यांदा आपल्या वडलांनी, बापूंनी. मग दर नांगरटीला थोडं थोडं, मी. सगळेच कोरतात की अण्णा बांध. पर दुसऱ्याला कोणतरी आडवतं. आपल्याला कोण आडवलं न्हाय. तुमी साहेब हुता म्हून कोण बोललं न्हाय."

"मातीच्या दिवशी तरी बोलायचं."

"तुमी बोलू दिलं व्हय कुणाला?"

हिंदुराव दुसरीकडं बघत राहिले. चारशे गावांचे दगड तपासणारा माणूस स्वतःच्या दगडाकडं चौतीस वर्षांत एकदाही वळला नव्हता, आणि त्याच्याच खुर्चीच्या सावलीत बत्तीस फूट गायरान गडप झालं होतं. साहेबांना भावाला फोनवर बोललेलं सगळं आठवलं. त्यांना फार लाज वाटली.

बसवेशनं त्यांना लिंबाखाली बाजूला नेलं. हळू आवाजात म्हणाला, सर, सतरा फुटांचा प्रश्न आहे, नकाशात रेघेची जाडीसुद्धा एवढी असते. हुकूम द्या, रेघ लिंबाच्या पलीकडून घेतो, कुणाच्या बापाला कळणार नाही. आणि खरं सांगायचं तर साहेबांच्या तोंडात 'घे' आलं होतं. अगदी जिभेवर आलं होतं. तेवढ्यात त्यांना बार्शीकडची बजाबाई आठवली.

ही बजाबाई म्हणजे साहेबांचा पार्टीतला हुकमी किस्सा होता. गायरानात तिनं वारलेल्या नवऱ्याच्या नावानं दोन फुटांचा कट्टा बांधला होता. तोडायला गेले तर ही कट्ट्यावर बसून राहिली आणि म्हणाली, "साहेब, ह्येच्यावर गुरं चरत न्हाईत, मी झाडून घेती रोज." साहेब म्हणाले होते, बाई, सरकारनं तुम्हाला झाडायला नेमलेलं नाही, आणि कट्टा तोडायला लावला होता. यावर पार्टीत फार हशा पिकायचा. सिद्धेश्वरीबाई मात्र हसत नसत. एकदा त्यांनी विचारलं होतं, मग ती बाई गेली कुठं? साहेबांना माहीत नव्हतं. विचारायचं सुचलंच नव्हतं.

"आहे तसं लिही," साहेब बसवेशला म्हणाले.

त्यानं अतिक्रमणाचा तक्ता काढला. अतिक्रमणाचा प्रकार: समाधी, एक. पुढं रकाना होता, अतिक्रमण करणाऱ्याचं नाव. बसवेशचं पेन थांबलं. शिवकुमार म्हणाला, माझं लिवा, मी खाल्ली जमीन. बसवेश म्हणाला, शेताचा भाग तुमच्या नावानं लिहितो, पण समाधीचं वेगळं दाखवावं लागतं. आणि त्यानं साहेबांकडं बघून, अगदी शिकवणीतल्या पोरासारखं विचारलं, "सर, अशा वेळी नियम काय?"

साहेबांच्या तोंडून सवयीनं नियम बाहेर पडला. "प्रत्यक्ष कब्जा ज्याचा, नाव त्याचं."

बसवेशनं मान खाली घातली आणि लिहिलं: सिद्धेश्वरी चन्नवीर हविनाळे. साहेबांना ते शब्द परत घ्यायचे होते, पण शाई उमटली होती. फ्लॅट साहेबांच्या नावावर, शेत दोघा भावांच्या नावावर. जमिनीच्या सरकारी कागदावर बाईंचं नाव लागलं ते हे पहिलंच.

निंगव्वानं विचारलं, काय लिवलं? शिवकुमारनं तिच्या कानात कानडीतून सांगितलं. म्हातारी पदर डोळ्याला लावून घराकडं गेली.

तीन आठवड्यांनी जुळे सोलापुरातल्या फ्लॅटवर पोस्टमन आला. सिद्धेश्वरी हविनाळे आहेत का, सही लागेल. साहेबांनी स्वतःची सही करून पाकीट घेतलं. आत कॉम्प्युटरनं छापलेली नोटीस होती. 'आपण मौजे करजोळ येथील शासकीय गायरानात विनापरवाना कब्जा केला असून, सदर अतिक्रमण आपण सात दिवसांचे आत स्वतःहून व स्वखर्चाने काढून घ्यावे. अन्यथा लेखी खुलासा करावा.'

मसुदा उत्तम होता. तो साहेबांचाच होता. 'स्वतःहून व स्वखर्चाने' हे शब्द अकरा वर्षांपूर्वी त्यांनी स्वतः घातले होते, नोटिशीला जरा धार येते म्हणून. त्यांनी ओट्यापाशी उभं राहून नोटीस तीनदा वाचून काढली आणि मग ते खाली फरशीवर बसले. मातीच्या दिवशी न आलेलं रडू त्यांना तिथं आलं, चांगलं मोठ्यानं. खालच्या मजल्यावरच्या बाई वर येऊन विचारून गेल्या.

मग ते खुलासा लिहायला बसले. असे हजारो खुलासे त्यांनी वाचून 'अमान्य' असा शेरा मारला होता. लिहायचा कसा असतो हे त्यांना येईना. पाच कागद फाडले. सहाव्यावर लिहिलं: 'अर्जदार स्वतःहून जागा सोडू शकत नाहीत. आमच्यात दिलेली माती उकरत नाहीत. कट्टा बांधणार नाही, कुंपण घालणार नाही, गुरांनी वरून खुशाल चरावं. फक्त तिथंच राहू द्यावं. ही जागा अर्जदारांनी निवडलेली नाही, मी दाखवली. आजवर त्यांनी कुठलीच जागा निवडलेली नाही.' हे शेवटचं वाक्य कार्यालयीन भाषेत बसत नव्हतं. साहेबांनी ते खोडलं, आणि पुन्हा लिहिलं.

तालुक्याच्या कचेरीत खिडकीपुढं मोठी रांग होती. एके काळी याच कचेरीत साहेब आले की सगळा स्टाफ उठून उभा राही. आता चेहरे नवे होते. साहेब बाराव्या नंबरावर उभे राहिले, उन्हात, छातीशी कागद धरून, आणि पुढच्या माणसाला आपण कोण होतो हे त्यांनी सांगितलं नाही.

खिडकीत दानेश्वरी नावाची तरुण कारकून होती. तिनं अर्ज उलटून पालटून पाहिला. "काका, अर्जदाराची सही राहिली की."

"त्या नाहीत."

"म्हंजे घरी हायत का?"

साहेबांनी कागदावरच्या 'समाधी' या शब्दावर बोट ठेवलं. पोरगी वाचता वाचता थांबली. मग इकडं तिकडं बघून खिडकीतून पुढं वाकली आणि मऊ आवाजात म्हणाली, "सहीबिगर कॉम्प्युटर घेत न्हाय, काका. नोटीस त्यांच्या नावानं हाय. तुमीच करून टाका की त्यांची सही. कोण बघतंय."

सही जुळत नाही म्हणून साहेबांनी चौतीस वर्षांत माणसांना खेड्यापाड्यांतून परत पाठवलं होतं. एका शिपायाला तर खोट्या सहीपायी घरी बसवलं होतं. पण आज त्यांनी वादही घातला नाही. खिशातलं पेन काढलं, टोपण उघडलं, आणि सिद्धेश्वरीबाईंच्या नावाखाली टेकवलं.

पेन तिथंच राहिलं. बाई सही कानडीतून करायच्या की मराठीतून, ते त्यांना आठवेना. नुसतं सिद्धेश्वरी लिहायच्या की पुढं हविनाळेही लावायच्या? बँकेचे फॉर्म, गॅसचे, फ्लॅटच्या कर्जाचे, कितीदा तरी त्यांनी बाईंपुढं कागद सरकवले होते. जिथं सही करायची तिथं बोट ठेवून 'हितं कर' म्हणायचे, आणि ती करत असताना पुढचा कागद बघायचे.

"काका, व्हायलंय का?" मागून कुणीतरी विचारलं.

साहेबांनी पेनाचं टोपण लावलं, मागच्या माणसाला पुढं जाऊ दिलं आणि रांगेच्या शेवटाला जाऊन पुन्हा उभे राहिले. पुढं चौदा माणसं होती. तोवर आठवेल, असं त्यांना वाटत होतं.